अंग, कापड आणि आकडा

तयार कपड्यांच्या दुकानात शिरलेल्या माणसाला आज पहिला प्रश्न विचारला जातो तो 'साइज काय?' हा. उत्तर म्हणून एखादा आकडा अपेक्षित असतो, किंवा एम, एल, एक्सएल यांपैकी एखादे अक्षर. हा प्रश्न इतका सरावाचा झाला आहे की त्यामागचे गृहीतक आपल्या लक्षातही येत नाही. गृहीतक असे, की प्रत्येक शरीराला मुळातच एक आकडा असतो आणि तो ठाऊक असणे ही त्या शरीराच्या मालकाची जबाबदारी असते. इतिहासाच्या दृष्टीने पाहिले तर ही समजूत फार अलीकडची आहे. माप आधी कापडाला होते, मग ते माणसाला आले आणि शेवटी माणसाकडून काढून आकड्याला दिले गेले. या तीनही अवस्थांच्या खुणा नाशिक आणि नाशिकच्या परिसरात सापडतात. त्यांचा माग काढावा आणि या प्रवासात मराठी माणसाने काय मिळवले व काय गमावले याचा थोडा विचार करावा, एवढाच या लेखाचा हेतू आहे.

सुरुवात त्रिरश्मी डोंगरापासून करावी लागते. पांडवलेणी म्हणून ओळखल्या जाणाऱ्या या लेण्यांपैकी दहाव्या क्रमांकाच्या लेण्यात क्षत्रप नहपानाचा जावई उषवदात याचा प्राकृत शिलालेख आहे. सुमारे १,९०० वर्षांपूर्वीच्या या लेखात त्याने संघासाठी ३,००० कार्षापणांची अक्षय ठेव ठेवल्याची नोंद आहे. ही ठेव गोवर्धन येथे राहणाऱ्या कोलिकांच्या, म्हणजे विणकरांच्या श्रेणींकडे गुंतवलेली होती. त्यातले २,००० कार्षापण दरमहा शेकडा एक या व्याजाने आणि उरलेले १,००० दरमहा शेकडा पाऊण या व्याजाने. मूळ रक्कम परत घ्यायची नाही, केवळ व्याज उपभोगायचे, अशी अट आहे. दोन हजारांच्या व्याजातून लेण्यात वर्षावास करणाऱ्या वीस भिक्षूंना प्रत्येकी बारा कार्षापण 'चिवरिक', म्हणजे चीवराचा खर्च, द्यायचा आहे. हिशेब करून पाहावा : दोन हजारांवर महिना वीस, वर्षाला दोनशे चाळीस, वीसांत वाटले तर प्रत्येकी बरोबर बारा. पैही इकडची तिकडे नाही. अभ्यासक या लेखाचे महत्त्व अर्थव्यवस्थेच्या, श्रेणींच्या आणि व्याजदराच्या संदर्भात सांगतात, आणि ते योग्यच आहे. आपल्या विषयाच्या दृष्टीने मात्र त्यातली एक गोष्ट विशेष आहे. वीस भिक्षू म्हणजे वीस शरीरे. कोणी उंच असेल, कोणी ठेंगणा, कोणी कृश. पण वस्त्राचा खर्च सर्वांना सारखा. त्या वस्त्रव्यवहारात शरीराच्या मापाला जागाच नाही.

याचे कारण चीवराच्या स्वरूपात आहे. चीवर कापडाचे तुकडे जोडून शिवलेले असते, परंतु ते अंगावर बेतलेले नसते; ते गुंडाळायचे असते. तरीसुद्धा त्याला मापाचा नियम होता, आणि तो नियम कसा आला याची एक गोड कथा विनयपिटकात आहे. बुद्धाच्या मावशीचा मुलगा नंद हा देखणा होता आणि उंचीने बुद्धापेक्षा अवघी चार अंगुळे कमी होता. तो बुद्धाच्याच मापाचे चीवर पांघरून वावरत असे. दुरून येणारी आकृती पाहून ज्येष्ठ भिक्षू आसनावरून उठत आणि जवळ आल्यावर ओशाळत. त्यातून नियम झाला : सुगताच्या वितीने नऊ वीत लांब आणि सहा वीत रुंद हे सुगताचे चीवर, एवढे किंवा याहून मोठे चीवर भिक्षूने करू नये, केल्यास ते कापून लहान करावे. मापाचा हा नियम नंदाच्या अंगाला कपडा बसतो की नाही यासाठी नव्हता. कपडा पाहून माणसाची योग्यता ओळखली जाते आणि ती ओळख चुकता कामा नये, यासाठी होता. कापडाचे माप हे प्रतिष्ठेचेही माप असते, हे सूत्र पुढच्या दोन हजार वर्षांत वारंवार भेटणार आहे. जाता जाता एवढेही नोंदवावे की पालीतली 'विदत्थि', संस्कृतातली 'वितस्ति' आणि मराठीतली 'वीत' ही एकाच शब्दाची रूपे आहेत.

वीत, हात, अंगुळ ही सगळी शरीराचीच मापे. बारा अंगुळांची वीत, दोन वितींचा हात, दोन हातांचा वार. अंगुळाच्या जोडीला तसू होता. चोवीस तसूंचा गज. हा गजही सगळीकडे सारखा नव्हता. अकबराच्या काळातला इलाही गज ४१ अंगुळांचा, सुमारे ३३ इंच भरणारा. म्हणजे आपल्याकडे कापड मोजण्यासाठी शरीर वापरले जाई, शरीर मोजण्यासाठी कापड नव्हे. लुगडे हे त्याचे उत्तम उदाहरण. नऊ वार म्हणजे अठरा हात. येवल्याच्या मागावरून उतरलेले लुगडे कोणाच्या अंगावर जाणार हे विणकराला ठाऊक असण्याची गरज नव्हती. सोळा वर्षांची मुलगी आणि तिची साठीतली आजी तेच लुगडे नेसू शकत. उंच बाई निऱ्या कमी खोचे, ठेंगणी कमरेशी जास्त दुमडून घेई. गर्भारपण, बाळंतपण, म्हातारपण या सर्व अवस्थांमध्ये वस्त्र तेच राही आणि नेसणे बदले. 'अंगापेक्षा बोंगा मोठा' ही म्हण याच वस्त्रसंस्कृतीतून येते. नेसण्यातून कमरेशी जमणारा तो बोंगा म्हणजे न बसलेल्या मापाचा शिल्लक हिशेब. १९५६ च्या कायद्याने वजनमापांची दशमान पद्धत आली आणि दुकानातला वाराचा गज जाऊन मीटरची पट्टी आली, तरी ८ मीटर २३ सेंटिमीटरच्या वस्त्राला आजही कोणी तसे म्हणत नाही. ते नऊवारीच आहे.

मापाविना चालणाऱ्या या वस्त्रव्यवहाराचा एक सामाजिक फायदा होता : वस्त्र देता येत असे. खणानारळाने ओटी भरताना समोरच्या बाईचे माप विचारावे लागत नाही. आहेरात धोतरजोडी, उपरणे, लुगडे दिले जाई तेव्हा घेणाऱ्याच्या शरीराविषयी काहीही ठाऊक असण्याचे कारण नव्हते. पुढे शर्टपीस-पँटपीस आले तेव्हाही हीच युक्ती टिकली. कापड आमचे, माप तुमच्या शिंप्याचे. लग्नसराईत घरोघर फिरणारे ब्लाउजपीस अनेकदा चेष्टेचा विषय होतात, आणि ८० सेंटिमीटरच्या तुकड्यात स्थूल बाईचे लांब बाहीचे पोलके निघत नाही, ही तक्रारही खरी आहे. पण त्या तुकड्याने देणाऱ्या-घेणाऱ्यांमध्ये राखलेला संकोच आपण कमी लेखू नये. तयार शर्ट भेट देणाऱ्याला समोरच्याच्या पोटाचा अंदाज बांधावा लागतो.

मात्र न शिवलेल्या वस्त्राच्या या जगाला समतेचे जग समजण्याची घाई करू नये. कापडाला शरीराचे माप नव्हते, पण जातीचे होते. लुगडे किती खाली सोडायचे, गुडघ्याच्या वर की घोट्यापर्यंत, हे नेसणारीच्या उंचीवर नव्हे तर तिच्या जन्मावर ठरत होते. डिसेंबर १९२७ मध्ये महाडच्या सत्याग्रह परिषदेच्या वेळी डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी अस्पृश्य स्त्रियांसमोर केलेल्या भाषणात लुगडे नेसण्याच्या पद्धतीचा मुद्दा आग्रहाने मांडला होता. अस्पृश्यतेची ओळख पटवणारी नेसण आणि दागिने टाकून द्या, असा त्याचा आशय होता; आणि स्त्रियांनी तेथेच नेसण बदलून तो अमलात आणला. पुढे नाशिकला २ मार्च १९३० रोजी काळाराम मंदिराचा सत्याग्रह सुरू झाला आणि १३ ऑक्टोबर १९३५ रोजी येवल्यात धर्मांतराची घोषणा झाली. पैठणीचे येवले आणि घोषणेचे येवले ही दोन वेगळी गावे नाहीत. ज्या गावात वस्त्राची लांबी-रुंदी पिढ्यान्‌पिढ्या मागावर ठरत आली, तेथेच माणसाचे माप जन्मावरून घेण्याला जाहीर नकार मिळाला, हा योगायोग आहे. पण विचार करायला लावणारा योगायोग आहे.

शिवलेला कपडा आपल्याकडे नवा नव्हता. परंतु मराठी शिवणकामाचे जुने नमुने पाहिले तर त्यांतही मापाची सक्ती कमीच दिसते. बाराबंदीला गुंड्या नाहीत, बंद आहेत. माणूस सुटला की बंद सैल बांधायचे, रोडावला की आवळायचे. अंगरख्याचेही तेच. चोळीला पुढे गाठ आहे. परकराला आणि विजारीला नाडी आहे. बंद, गाठ आणि नाडी या तीन साधनांनी शिंप्याने शरीराच्या बदलाला कपड्यातच जागा करून ठेवलेली होती. गुंडी आणि काज आले, तेव्हा ही जागा गेली. गुंडी एकाच ठिकाणी लागते, आणि ती लागते किंवा लागत नाही. शरीराचा नेमका आकडा कळण्याची गरज खऱ्या अर्थाने तेथून सुरू होते, असे म्हणता येईल.

हा आकडा ज्याच्या हाती होता तो शिंपी. मराठी संस्कृतीत शिंप्याचे स्थान नुसते कारागिराचे नाही. नामदेवांसारखा संत (१२७०–१३५०) ज्या घरात जन्मला ते घर शिंप्याचे, आणि गज व कात्री ही त्या घरातली हत्यारे गुरू ग्रंथसाहिबात समाविष्ट झालेल्या त्यांच्या पदांतही रूपके बनून गेली आहेत. भाषेनेही शिंप्याचे ऋण घेतले आहे. मापाप्रमाणे कापड कापण्याला आपण 'बेतणे' म्हणतो. आणि 'बेत' म्हणजे योजना, 'बेताचे' म्हणजे मर्यादेतले. विचार आणि कात्री यांचे नाते एवढ्या जवळून सांगणारे शब्द थोडे असतात. 'वाढत्या अंगाचे' हा दुसरा शब्दप्रयोग. शाळकरी मुलाचा सदरा आजच्या मापाचा कधीच शिवला जात नसे. तो पुढच्या दोन वर्षांच्या मुलाला शिवला जाई. पहिल्या वर्षी तो ढगळ असे, दुसऱ्या वर्षी अंगाबरोबर आणि तिसऱ्या वर्षी धाकट्या भावाचा. आणि तिसरा शब्द 'माया'. शिवणीच्या आत सोडून दिलेल्या जादा कापडाला शिंपी माया म्हणतात. उद्या अंग भरले तर शिवण उसवून तेवढा कपडा सोडता यावा, म्हणून ठेवलेली ही शिल्लक. शरीर बदलणार, हे आधीच मान्य करून केलेली तरतूद, आणि तिला नाव काय, तर माया!

शिंप्याची टेप मात्र आपण समजतो तितकी जुनी नाही. युरोपातही एकोणिसाव्या शतकाच्या सुरुवातीपर्यंत शिंपी कागदाची किंवा चामड्याची पट्टी घेऊन गिऱ्हाइकाच्या छातीला, कमरेला, बाहीला लावत आणि तेथे तेथे खाच पाडत. प्रत्येक गिऱ्हाइकाची पट्टी वेगळी, आणि पट्टीवर एकही आकडा नाही. ती पट्टी फक्त त्या एका माणसाविषयी बोलू शके. दोन माणसांची तुलना करणे तिला शक्य नव्हते. इंचांच्या खुणा असलेली टेप आली आणि सर्व शरीरे एका रेषेवर आली. मग इलायस हाउचे १८४६ चे पेटंट आणि आयझॅक सिंगरचे १८५१ चे यंत्र यांनी शिवणीचा वेग वाढवला. यंत्रांविषयी संशय बाळगणाऱ्या गांधीजींनीही १९२४ मध्ये एका संवादात सिंगरच्या यंत्राला अपवाद मानले होते; सिंगरने ते पत्नीचे कष्ट पाहून केले, असा त्यांचा समज होता. टेप आणि यंत्र ही जोडी मराठी गावांत पोचल्यावर शिंप्याच्या दुकानात एक नवी वस्तू आली : मापांची वही. नाव, खाली छाती, कंबर, शोल्डर, बाही, गळा, उंची, आणि पानाला टाचलेला कापडाचा तुकडा. मेन रोडच्या, रविवार कारंज्याच्या आसपासच्या जुन्या दुकानांतल्या अशा वह्या कोणी जपल्या असतील, तर तो नाशिककरांच्या शरीरांचा एक अलिखित इतिहासच ठरेल.

याच काळात शिवणकाम घराण्याच्या बाहेर पडून शास्त्र म्हणून शिकवले जाऊ लागले. १९०९ मध्ये रमाबाई रानडे यांनी पुण्यात सुरू केलेल्या सेवासदनासारख्या संस्थांनी स्त्रियांच्या स्वावलंबनाचे साधन म्हणून शिवणाला महत्त्व दिले. मुंबईच्या झारापकरांच्या कटिंग पद्धतीच्या पुस्तकांनी कित्येक घरांत शिवणयंत्रावर पोट भरणाऱ्या बायकांना गुरू मिळवून दिला. शिवणवर्गात शिकवली जाणारी पद्धत प्रमाणाची असते. छातीचे एक माप नीट घ्यायचे आणि बाकीची त्यावरून काढायची : छातीचा चौथा हिस्सा अधिक दीड इंच, छातीचा बारावा हिस्सा गळ्यासाठी, आठव्या हिश्शावर काही इंच मिळवून मुंढ्याची खोली. या गणितात एक मोठे विधान दडलेले आहे : ज्याची छाती छत्तीस, त्याचा गळा आणि खांदा अमुकच असणार. ते पुष्कळांच्या बाबतीत खरे ठरते, सर्वांच्या नाही. एक खांदा उतरलेला हमाल, पाठीत वाकलेली विडी कामगार, दिवसभर डोक्यावर हंडा वाहणारी बाई यांची शरीरे कामाने घडवलेली असतात आणि ती प्रमाणात बसत नाहीत. चांगला शिंपी तेथे सूत्र बाजूला ठेवून डोळ्यांनी माप घेई. स्त्रियांच्या बाबतीत हा प्रश्न संकोचानेही अवघड केला होता. परपुरुषाने टेप लावणे नको म्हणून बसते असलेले एखादे पोलके 'मापाला' पाठवण्याची पद्धत पडली आणि ती अजूनही आहे. म्हणजे माप शरीराचे नव्हे, आधीच्या कपड्याचे. दहा वर्षांपूर्वीच्या शरीराचे पोलके आजच्या शरीराला बेतले जाते, ते असे.

प्रमाणाच्या सूत्राकडून प्रमाणित आकड्याकडे नेणारी वाट सैन्यातून गेली. बेल्जियन संख्याशास्त्रज्ञ अडॉल्फ केटले याने १८३५ च्या ग्रंथात 'सरासरी माणूस' ही कल्पना मांडली. पुढे त्याने पाच हजारांहून अधिक स्कॉटिश सैनिकांच्या छातीच्या मापांवरून दाखवले की ती एका मध्याभोवती नियमितपणे विखुरलेली असतात. सुमारे चाळीस इंचांपाशी सर्वांत जास्त गर्दी आणि दोन्ही बाजूंना उतार. एकदा हे कळले की हजार माणसांना हजार गणवेश मोजून शिवण्याची गरज उरत नाही. अमुक इतके लहान, अमुक इतके मध्यम, अमुक इतके मोठे असे आधीच शिवून ठेवता येतात. अमेरिकेतील १८६१–६५ च्या यादवी युद्धात गणवेशांच्या निमित्ताने अशा ठरावीक मापांना मोठी चालना मिळाली. स्त्रियांची पाळी उशिरा आली. अमेरिकन कृषी खात्यासाठी रूथ ओब्रायन आणि विल्यम शेल्टन यांनी सुमारे पंधरा हजार स्त्रियांची प्रत्येकी ५९ मापे घेतली आणि १९४१ मध्ये ती प्रसिद्ध झाली. पण अंतिम तक्त्यांत केवळ गोऱ्या स्त्रियांचीच मापे धरली गेली. त्या आधारावर १९५८ मध्ये व्यापारी प्रमाण ठरले. ते १९८३ मध्ये मागे घेतले गेले. सरासरी ही वस्तुनिष्ठ गोष्ट आहे असे आपण म्हणतो, तेव्हा कोणाची सरासरी, हा प्रश्न विचारायचे राहून जाते.

महाराष्ट्राची शरीरे कधी मोजलीच गेली नाहीत, असे मात्र नाही. इरावती कर्वे यांनी मराठी समाजगटांची मानवमिती केली होती. त्यांचे आणि वि. म. दांडेकर यांचे महाराष्ट्राच्या मानवमितीवरील पुस्तक १९५१ मध्ये डेक्कन कॉलेजने प्रसिद्ध केले. 'युगान्त'च्या लेखिका म्हणून आपण ज्यांना ओळखतो, त्या बाई मोजपट्ट्या आणि कंपास घेऊन माणसांची उंची, डोके, नाक मोजत होत्या, हे मराठीच्या विद्यार्थ्यांना अनेकदा ठाऊक नसते. ती मापे वेगवेगळ्या जातिसमूहांतले जैविक साम्य आणि भेद तपासण्यासाठी होती, सदऱ्यासाठी नव्हती. दुसरीकडे, राज्याच्या पोलीस भरतीत पुरुष शिपायाची उंची किमान १६५ सेंटिमीटर आणि छाती न फुगवता ७९ सेंटिमीटर असावी लागते, आणि फुगवल्यावर ती किमान ५ सेंटिमीटर वाढावी लागते. पोलीस अकादमीच्या या शहरात पहाटे मैदानांवर धावणारी मुले त्या आकड्यांसाठी धावत असतात. म्हणजे संशोधनाला, नोकरीला आपले शरीर मोजले गेले. जे रोज अंगावर चढते त्या कपड्याला मात्र परक्या शरीरांवरून आलेले तक्ते पुरले.

त्याचा परिणाम रोजच्या व्यवहारात दिसतो. शर्टाच्या गळ्याशी ४० असे छापलेले असते. पुष्कळांची समजूत अशी की ही छाती, इंचांत. प्रत्यक्षात आपल्याकडच्या औपचारिक शर्टांवर ३८, ३९, ४०, ४२ असे आकडे येतात ते बहुधा कॉलरचे असतात, सेंटिमीटरमध्ये. ४० म्हणजे सुमारे पावणेसोळा इंचांची कॉलर. पँटवरचा ३४ हा मात्र कमरेचा आणि इंचांचा. एकाच माणसाच्या अंगावर दोन मापनपद्धती एकाच वेळी नांदत असतात. त्यातही कपड्याचे माप आणि अंगाचे माप या दोन गोष्टी भिन्न आहेत. ३८ इंच छातीला शिवलेला सदरा प्रत्यक्षात ४२ इंच भरतो, कारण श्वास घ्यायला, हात उचलायला जागा लागते. त्यामुळे ज्याला आपले माप नीट जाणून घ्यायचे आहे, त्याने कपड्यावरचा आकडा विसरावा. टेप सरळ आडवी धरून छातीच्या सर्वांत भरलेल्या भागावर, कमरेवर आणि नितंबांच्या सर्वांत रुंद भागावर, न आवळता, न श्वास रोखता तीन मापे घ्यावीत. पाठीमागून खांद्याच्या एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत चौथे घ्यावे. ते चौथे माप सर्वांत महत्त्वाचे. कंबर नंतर आत घेता येते, लांबी कमी करता येते. खांदा चुकला की कपडा गेला. आणि घरातला नीट बसणारा एक कपडा सपाट पसरून मोजून ठेवावा. 'मापाचे पोलके' पाठवणाऱ्या बायकांचे शहाणपण येथे कामी येते.

येथपर्यंत वाचून कोणाला वाटेल की हा शिंप्याच्या जाण्याचा विलाप आहे. तसे म्हणणे अन्यायाचे होईल. मराठीत 'शिवणे' या क्रियापदाचे दोन अर्थ आहेत : सुईने जोडणे आणि स्पर्श करणे. शिंप्याच्या धंद्यात हे दोन्ही अर्थ एकत्र येतात, कारण माप घ्यायचे तर अंगाला हात लावावा लागतो. आणि जेथे अंगाला हात लावणेच निषिद्ध, तेथे मापही निषिद्ध. ग्रामीण भारतातील अस्पृश्यतेविषयी घनश्याम शहा, हर्ष मंदर, सुखदेव थोरात, सतीश देशपांडे आणि अमिता बाविस्कर यांचे पुस्तक २००६ मध्ये प्रसिद्ध झाले. दलितांचे माप घेण्यास शिंप्याने नकार देण्याची प्रथा विसाव्या शतकाबरोबर संपली नव्हती, हे त्यात नोंदवलेले आहे. अशा माणसासाठी हँगरवरचा तयार शर्ट म्हणजे काय असेल, याची कल्पना करावी. आकडा जात विचारत नाही. तो कोणाला शिवत नाही, म्हणूनच तो कोणाला वगळतही नाही. परपुरुषाच्या टेपखाली अंग चोरून उभ्या राहणाऱ्या मुलीलाही तयार कपड्याने तीच मोकळीक दिली. मोजणाऱ्याच्या नजरेतून सुटका, हा तयार कपड्याचा फार मोठा आणि क्वचित सांगितला जाणारा लाभ आहे.

पण या सुटकेची किंमतही आहे. शिंप्याने शिवलेला कपडा बसला नाही, तर दोष शिंप्याचा असे. 'मुंढा कापतोय', 'गळा उतरलाय' असे त्याला ठणकावून सांगता येई आणि तो मुकाट्याने उसवून देई. तयार कपडा बसला नाही, तर दोष कोणाचा? कॉलेज रोडवरच्या दुकानाच्या ट्रायल रूममधून बाहेर येणारी मुलगी 'हा ड्रेस चुकीचा शिवलाय' असे म्हणत नाही. 'मी जाड झालेय' असे म्हणते. वर्गात, कँटीनमध्ये मुलींच्या तोंडी हे वाक्य इतक्या सहजपणे येते की ते ऐकताना आपल्याला काही खटकत नाही. नंदाच्या कथेत चीवर मोठे झाले तेव्हा चीवर कापायचा नियम झाला होता. आता कपडा तसाच राहतो आणि शरीराने स्वतःला कापून घ्यावे अशी अपेक्षा आहे. त्यातही गंमत अशी की एका कंपनीचा एम दुसरीचा एल असतो. म्हणजे ज्या आकड्यासाठी ती स्वतःला दोषी ठरवते, तो आकडाही स्थिर नाही.

राष्ट्रीय फॅशन तंत्रज्ञान संस्थेने हाती घेतलेल्या 'इंडियासाइज' या पाहणीची योजना या पार्श्वभूमीवर समजून घेतली पाहिजे. १५ ते ६५ वयाच्या २५,००० स्त्री-पुरुषांची मापे, मुंबईसह देशातल्या सहा शहरांत, अंगाला हात न लावता त्रिमितीय स्कॅनरने घ्यायची, अशी तिची आखणी होती. परक्या तक्त्यांऐवजी आपल्या शरीरांचे तक्ते मिळणे हे स्वागतार्हच आहे. परंतु सहा शहरांच्या सरासरीत सुरगाण्याची शेतमजूर बाई किती आणि मालेगावच्या यंत्रमागावर बारा तास उभा राहणारा कामगार किती, हा प्रश्न १९४१ च्या अमेरिकन तक्त्यांइतकाच येथेही विचारावा लागेल. आणि तक्ता कितीही चांगला झाला, तरी तो गर्दीचा असतो. अंग एकट्याचे असते.

म्हणूनच मोठ्या दुकानांच्या आसपास, जिन्याखाली किंवा गल्लीच्या तोंडाशी, एक यंत्र मांडून 'अल्टर'ची पाटी लावून बसलेला कारागीर महत्त्वाचा आहे. गर्दीच्या मापाचा कपडा तो पुन्हा एका माणसाचा करतो. त्याच्याकडे कोणी घट्ट झालेला तयार शर्ट घेऊन गेले, तर तो आधी शर्ट उलटा करतो आणि शिवणीच्या आत बोट फिरवून पाहतो. बहुतेक वेळा तेथे काही नसते. कारखान्यात कापडाची बचत करताना पहिली कात्री लागते ती मायेवर. मग तो सांगतो, की हा कपडा आत घेता येईल, सोडता येणार नाही.